कासार गल्लीतलं जादा माणूस

जुळीचं म्हणणं असं होतं, की अण्णांच्या घरात दोन माणसं राहतात.

जुळी म्हणजे भोजनेर नगरपरिषदेच्या पाणीपुरवठा विभागातलं यंत्र. तिचं सरकारी नाव चांगलं दोन ओळींचं होतं आणि उद्घाटनाच्या कोनशिलेखेरीज ते कुठेही वापरात नव्हतं. गावातल्या सगळ्या जलवाहिन्या, टाक्या, पंप आणि व्हॉल्व्ह यांची हुबेहूब प्रतिकृती तिच्या पोटात होती. जमिनीखाली जे घडे तेच त्याच क्षणी तिच्या पडद्यावर घडे, म्हणून ती जुळी. हेमांगी दिग्रसकर त्या विभागाची अभियंता, म्हणजे जुळीचं सगळं पाहणारी, आणि अण्णा हे हेमांगीचे वडील. गेल्या दिवाळीनंतर हेमांगीची आई, शैलजाबाई, गेली. हेमांगी गावातच भाड्याच्या खोलीत राहायची, त्यामुळे तेव्हापासून अण्णा कासार गल्लीतल्या घरात एकटे राहत होते. निदान हेमांगीची तशी समजूत होती.

पाण्याचं जाळं संगणकात उभं करणं ही काही नवी गोष्ट नव्हे. त्याचे मुख्य नियम दोनच. सांध्यात जेवढं पाणी येतं तेवढं तिथून बाहेर पडलं पाहिजे, आणि वाहिनीला घासत पुढे जाताना पाण्याचा दाब कमी होत जातो. एवढ्यावर टेकडीवरच्या टाकीपासून शेवटच्या घरापर्यंतचं गणित सुटतं. अडचण वाहिन्यांची कधीच नव्हती, माणसांची होती. वाहिनी किती रुंद आहे हे नकाशात सापडतं, पण कोण कधी नळ उघडेल हे कसं सापडणार? जुने अभियंते दरडोई सरासरी धरायचे आणि देवावर हवाला ठेवायचे. सरासरी माणूस भोजनेरात एकही नव्हता. त्यामुळे खालच्या पेठेत तोट्या उडायच्या आणि वरच्या आळीत नळातून नुसती हवा यायची.

जुळीने ही अडचण कान देऊन सोडवली. प्रत्येक गल्लीच्या वाहिनीवर बोटभर लांबीचे संवेदक बसवले होते. कुणी नळ उघडला की पाण्याच्या दाबात बारीकशी थरथर उठते आणि ती वाहिनीतून सेकंदाला किलोमीटरभर वेगाने पळते. संडासाच्या टाकीची थरथर वेगळी, कपडे धुण्याच्या मशीनची वेगळी आणि माणसाच्या हाताची तर फारच वेगळी. कुणी तोटी झटक्यात फिरवतो, कुणी चाचपत, कुणी बंद करताना दोनदा आवळतो. काही आठवडे ऐकलं की जुळीला घरातले हात ओळखू येत. हातांवरून ती डोकी मोजे, आणि जितकी डोकी त्या मानाने त्या घरासाठी दाब राखून ठेवी. मोटारीवर चालणारे व्हॉल्व्ह ती स्वतःच कमी-जास्त करायची. गावाला पहिल्यांदाच चोवीस तास पाणी मिळत होतं, पण ते अजून चाचणीपुरतं. चाचणीचा निकाल सर्वसाधारण सभेत लागायचा होता. जुळीची डोकी आणि शिधापत्रिकेवरची डोकी जिथे जुळत नाहीत, त्या घरी जाऊन अभियंत्याने खरा आकडा लिहून सही करायची, अशी अट होती.

कुठल्या घरात किती हात आहेत हे फक्त हेमांगीला आणि पडद्यासमोर बसणाऱ्या फिरोज तांबोळीला दिसे. बाकीच्यांसाठी ते गुपित होतं. पण मुख्याधिकाऱ्यांना पारदर्शकतेचा भारी सोस. त्यांनी प्रत्येक गल्लीची एकूण डोकी चौकातल्या फलकावर झळकवायला लावली होती, आणि तिथेच घोटाळा झाला. फलकावरचा आकडा बघून कासार गल्लीने स्वतःला मोजून पाहिलं.

मोजणी सोपी नव्हती. पुण्याला नोकरी करणारा आणि शनिवारी धुणं घेऊन येणारा बोरकरांचा मुलगा धरायचा की नाही यावर वाद झाला. सुतारांच्या सुनेला सातवा महिना होता, पण पोटातलं बाळ नळ उघडत नाही हे शेवटी मान्य झालं. सगळं वजा जाऊनही फलकावर एक माणूस जादा उरलं. मग गल्लीने प्रत्येक घराचा विचार केला आणि एकमताने अण्णांच्या दाराकडे बघितलं.

अण्णा म्हणजे पद्माकर दिग्रसकर, विज्ञानाचे निवृत्त शिक्षक. निम्म्या गावाला त्यांनी परीक्षानळी धरायला शिकवलं होतं. जुळी आल्यावर हेमांगीपुढे एकच मोठा शत्रू उभा राहिला होता, तो म्हणजे शिळं पाणी. नळाला अष्टौप्रहर पाणी असूनही भोजनेरच्या बायका हंडे-कळशा भरून ठेवत आणि सकाळी कालचं पाणी शिळं झालं म्हणून मोरीत ओतून ताजं भरत. सारं गाव एकाच वेळी हे करी आणि जुळीचा जीव कासावीस होई. त्यावर नगरपरिषदेने मोहीम काढली आणि तिचा चेहरा म्हणून अण्णांना निवडलं. चौकाचौकात त्यांचा फोटो लागला. बोट उंचावलेलं, खाली वाक्य, 'पाणी शिळं होत नाही.' अण्णा महिला मंडळांत व्याख्यानं देत. हायड्रोजन नासत नाही आणि ऑक्सिजन विटत नाही, असं ते दोन बोटं नाचवत सांगत. हाच विषय त्यांनी चाळीस वर्षं घरात शैलजाबाईंपुढे मांडला होता. शैलजाबाई तो ऐकत ऐकत हंडा ओतत असत.

फिरोजने पडद्यावरचा आलेख हेमांगीला दाखवला तेव्हा तो फार सावरून बोलत होता. 'व्यक्ती अ' ही तोटी एका झटक्यात पुरती उघडते, म्हणजे अण्णा. 'व्यक्ती ब' चा हात मात्र वेगळा होता. ही व्यक्ती उजाडता उजाडता आधी बोटभर पाणी सोडते, थांबते, मग पूर्ण सोडते. हंडाभर, कळशीभर, तांब्याभर. रोज तेवढंच.

"मॅडम, हे कालचं ओतून आजचं भरणं आहे," फिरोज म्हणाला. "आमच्या अम्मीशिवाय इतक्या नेमाने हे करताना मी कुणाला पाहिलं नाही. पुरुषाचा हात नाही हा."

हेमांगीने संवेदक तपासून घ्यायला सांगितलं. संवेदक ठणठणीत निघाला. तिने तो बदलायला सांगितला. नव्या संवेदकालाही दोन माणसंच ऐकू आली. मग मात्र तिला गप्प बसवेना. अण्णांनी कुणाला घरात आणलं असेल तर तो त्यांचा प्रश्न आहे, ते सज्ञान आहेत, असं तिने स्वतःला समजावलं. हे सगळं तिला पटतही होतं. फक्त त्या हंड्याशी येऊन ते अडत होतं. आईचा हंडा दुसरं कुणी तरी भरतंय, आणि तेही आईपेक्षा नेटाने, हे काही केल्या गळ्याखाली उतरेना.

ती न कळवता घरी गेली. ओट्यावर दोन कप पालथे घातलेले होते. तिने फणी बघितली, मोरीतला साबण हुंगला, दाराआडच्या चपला पाहिल्या. अण्णांनी विचारलं, काय शोधतेस? कानातलं पडलंय, असं ती म्हणून गेली. अण्णांनी लगेच विजेरी काढली. हरवलेली वस्तू शोधायची शास्त्रीय पद्धत असते असं सांगून त्यांनी घराचे चौकोन पाडले आणि पलंगाखालच्या चौकोनापासून सुरुवात केली. दोघं बराच वेळ गुडघ्यांवर रांगत होती. त्यामुळे हेमांगीला कपाटाखाली, पलंगाखाली आणि कोनाड्यात कुठेही बाईमाणसाची खूण नाही याची खात्री करून घेता आली.

शेवटी अण्णा उठून बसले आणि तिच्याकडे निरखून बघत म्हणाले, "दोन्ही तर कानातच आहेत तुझ्या."

दोन कपांचं कोडं मात्र सुटलं नाही. एकात ते चहा पितात, दुसऱ्यात कवळी ठेवतात, हे तिला विचारायला सुचलं नाही आणि त्यांना सांगायला.

दरम्यान बातमी गल्लीबाहेर गेली. साताऱ्याहून आत्याचा फोन आला. आत्याची काही हरकत नव्हती. माणसाला बोलायला कुणी तरी लागतं, असं तिचं मत होतं. तिची चौकशी एवढीच, की बाई आमटी बरी करते का, कारण पद्माकरला आमटीवाचून जेवण जात नाही. समोरच्या लीलाताई मुंडले, निवृत्त परिचारिका, अण्णांना गुरुवारी थालीपीठ देत. त्यांच्याकडे लोक सूचक बघू लागले, तसं थालीपीठ बंद झालं. अण्णांना यातलं काहीच कळलं नाही. गुरुवार कोरडे का जाऊ लागले याचा ते विचार करत राहिले.

मग प्रमिलाताई डोंगरे यांनी विषय हाती घेतला. प्रमिलाताई वरच्या आळीच्या नगरसेविका आणि पहिल्या दिवसापासून जुळीच्या विरोधात. यंत्राने माणसं मोजायची हे त्यांना मान्य नव्हतं. त्यांच्या सासूला जुळीने दोन आठवडे धरलंच नव्हतं, कारण सासूबाई नळाला हात लावत नसत, सुनेला लावायला लावत. त्यांनी सभागृहात सांगितलं, की पडताळणी करायची तर अभियंता बाईंच्या वडिलांच्या घरीच करू. तिथे दुसरं माणूस सापडलं तर यंत्र खरं. नाही सापडलं तर ते गुंडाळून ठेवा आणि पूर्वीसारखं एक दिवसाआड पाणी सोडा.

हेमांगीची तीन वर्षं त्या यंत्रात गेली होती. आता सापडलं तर आईच्या जागी कुणी आहे, आणि नाही सापडलं तर गावाचं पाणी गेलं. तिला कुठला देव पाण्यात ठेवावा ते कळेना.

ठरल्या सकाळी सगळे अण्णांच्या घरात जमले. प्रमिलाताई, त्यांच्याबरोबरचे दोन सदस्य, हातात टॅब घेतलेला फिरोज, आणि दारात अख्खी गल्ली. लीलाताई बोलावणं नसताना आल्या आणि आपल्या घरी आपला स्वतंत्र नळ आहे, तो फार चांगला चालतो, असं त्यांनी कुणी न विचारता सगळ्यांना सांगितलं. अण्णांना तेव्हा पहिल्यांदा उलगडा झाला. ते लीलाताईंकडे, मग हेमांगीकडे, मग तिच्या कानांकडे बघत राहिले.

प्रमिलाताई त्यांच्याच विद्यार्थिनी. त्यांनी आदराने पण ठणकावून विचारलं, की सर, दुसरं कोण राहतं इथे?

अण्णा म्हणाले, कुणी नाही. मग यंत्र चुकलं म्हणायचं का, असं प्रमिलाताईंनी विचारलं, तसं अण्णांनी हेमांगीकडे बघितलं. ती टॅबवर नजर लावून उभी होती. लहानपणी निकालाच्या दिवशी ती अशीच उभी राहायची. चौकातल्या फलकावरून त्यांचा स्वतःचाच फोटो बोट उंचावून उघड्या दारातून आत बघत होता.

"यंत्र चुकलं नाही," अण्णा म्हणाले आणि उठले.

त्यांनी आधी मोरीतला नळ झटक्यात उघडला, पाय धुतले, बंद केला. टॅबवर 'व्यक्ती अ' उमटलं. मग त्यांनी स्वयंपाकघरातला हंडा उचलला. तो काठोकाठ भरलेला होता. गल्लीच्या साक्षीने त्यांनी तो मोरीत ओतला. दारातून कुणी तरी चक् केलं. अण्णांनी हंडा नळाखाली धरला, तोटी अगदी जराशी फिरवली, बोटभर धारेने तळ विसळला, ते पाणी फेकलं, क्षणभर थांबले आणि मग नळ पूर्ण सोडला.

टॅबवर 'व्यक्ती ब' उमटलं.

हेमांगीला टॅबची गरज पडली नाही. नळाची ती बारीक धार, मध्ये थांबणं, मग धो धो, हे तिने जन्मभर अंथरुणातून ऐकलं होतं. ती सकाळच होती. इतकी रोजची, की ती कुणाच्या हाताची आहे याचा तिने कधी विचार केला नव्हता.

अण्णांनी मग सांगितलं ते थोडक्यात आणि नळाकडे तोंड करून. शेवटच्या महिन्यांत शैलजा मधल्या खोलीत पडून असायची. स्वयंपाकघर त्यांच्याकडे आलं. ते नळ उघडत आणि ती तिथून नुसतं ऐकून सांगे, की तळ विसळला नाहीस, एकदम सोडलास, कालचं तसंच ठेवलंस. तेव्हा वाद घालायचा तर तिला धाप लागायची. म्हणून ते वाद न घालता तिच्यासारखं करायला शिकले. आणि मग ती गेल्यावर, त्यांनी सांगितलं, एकदा तसंच ठेवून पाहिलं होतं. ते पाणी पिववलं नाही.

मग प्रमिलाताईंनी, विरोधी पक्षाच्या असल्यामुळे, कर्तव्य केलं. "म्हणजे सर, पाणी शिळं होतं."

"होत नाही," अण्णा म्हणाले. "या मुद्द्यावर मी ठाम आहे. मात्र पाण्याला वय असतं. हिच्याच शास्त्रात आहे, विचारा."

हेमांगीला सांगावं लागलं, की हो, आहे. पाणी टाकीतून निघाल्यापासून किती तास झाले हे जुळी प्रत्येक सांध्यावर मोजते. वय वाढलं की क्लोरीन उडत जातं आणि चव उतरते. चाळीस वर्षांच्या भांडणात आईच्या बाजूने साक्ष द्यायला तिला जरा उशीर झाला होता.

"मग सही कशावर करायची?" प्रमिलाताईंनी विचारलं. त्यांचा आवाज एकाएकी मवाळ झाला होता. यंत्राने दोन हात सांगितले, दोन हात निघाले, तेव्हा दोनच राहू द्या, असंही त्यांनी सुचवलं. दारातून गल्लीनेही माना हलवल्या.

"एक," अण्णा म्हणाले. "दुसरं कोण आहे इथे?"

हेमांगीने एक लिहिलं आणि सही केली.

त्या सहीचा परिणाम तिने धरला होता त्याहून मोठा झाला. एका माणसाचे दोन हात असू शकतात हे जुळीला आतापर्यंत कुणी सांगितलंच नव्हतं. कळल्यावर तिने सगळ्या गावाची उजळणी केली, आणि चौकातले आकडे भराभर खाली आले. पेठेत घटले, वरच्या आळीत घटले. फिरोजने घरांची नावं वाचायला सुरुवात केली आणि तिसऱ्या-चौथ्या नावाशी थांबला, कारण त्यातल्या प्रत्येक घरी तो कधी ना कधी मातीला किंवा दहाव्याला जाऊन आला होता. कुठे सून सासूच्या हाताने भांडी घासत होती, कुठे मुलगा बापासारखी तोटी दोनदा आवळत होता. जुळी या सगळ्यांसाठी इमानेइतबारे दाब राखून ठेवत होती आणि टेकडीवरच्या टाकीचा हिशेब कधी लागत नव्हता. आता लागला. सभेत जुळी मंजूर झाली. प्रमिलाताईंनी विरोधात मत दिलं, पण चहाच्या वेळी हेमांगीला बाजूला घेऊन त्यांच्या आळीतल्या एका घराचा आकडा महिनाभर तरी कमी करू नका असं सांगितलं. कुणाचं घर ते तिने विचारलं नाही. शिळ्या पाण्याची मोहीम तेवढी थंडावली. अण्णांनी व्याख्यानं थांबवली, प्रकृतीचं कारण देऊन.

पुढच्याच आठवड्यात पाणीपुरवठा विभागाच्या तक्रार क्रमांकावर फोन आला. फिरोजने हेमांगीकडे दिला. अण्णा होते. त्यांनी नाव, गल्ली, सगळं रीतसर सांगितलं, जणू ती कुणी परकी कारकून होती. तक्रार अशी, की सकाळी दाब फार कमी असतो आणि हंडा भरेपर्यंत चहाचं आधण आटतं.

ती म्हणाली, की एका माणसाला जेवढा मिळायचा तेवढाच मिळतोय.



"मग दोन कर," अण्णा म्हणाले.

"खोटं लिहू?"

"तसं नव्हे," असं म्हणून ते अडखळले. उभ्या आयुष्यात त्यांनी कुणाला उत्तरात फेरफार करू दिला नव्हता. "तुझ्या यंत्रात काही सोय असेल तर बघ, एवढंच."

यंत्रात तशी सोय नव्हती. हेमांगीने संध्याकाळी भाड्याच्या खोलीची किल्ली मालकिणीला दिली, कपड्यांची बॅग भरली आणि कासार गल्लीत राहायला गेली. शिधापत्रिकेत नाव चढवायचा अर्ज तिने वाटेतच टाकला होता. अण्णांनी कारण विचारलं नाही. फक्त, आमटी कोण करणार, एवढं ठरवून घेतलं.

सकाळी ती त्यांच्या आधी उठली. हंडा ओतला, नळाखाली धरला आणि तोटी फिरवली. पाणी धो धो आलं. अण्णा मधल्या खोलीतल्या पलंगावर डोळे मिटून पडले होते.

"एकदम सोडलास," ते तिथूनच म्हणाले.

तिने नळ बंद केला. परसातल्या कढीपत्त्याला पाणी घातलं, म्हणजे तेवढं तरी वाया जायला नको, आणि पुन्हा सुरुवात केली. या वेळी तळ विसळला, पण मध्ये थांबायला विसरली. हंडा भरत आला तेव्हा अण्णांनी खोकून तसं कळवलं. फोन वाजला. फिरोज होता. कासार गल्लीत आज कुणी तरी अगदीच नवशिकं माणूस नळाशी झोंबतंय, जुळी गोंधळून गेलीय, संवेदक बघायला माणूस पाठवू का, असं तो विचारत होता.

ती नको म्हणाली. आणि गावाचं पाणी वाचवण्याचा पगार घेणाऱ्या हेमांगीने काठोकाठ भरलेला हंडा उचलून पुन्हा कढीपत्त्यात रिकामा केला.